शुद्ध करून छापलेली कविता

गोंदियाच्या फलाटावर बाबा माझ्या पत्र्याच्या ट्रंकेवर बसले होते आणि जवळून जाणाऱ्या प्रत्येक हमालाकडे संशयाने बघत होते. सत्तावन्न सालचा जून महिना. आमचं गाव सडक अर्जुनीच्या अलीकडे, आडरस्त्यावर. बैलगाडीने सौंदडला आणि तिथून छोट्या गाडीने गोंदियाला असे आम्ही आलो होतो. मला शिक्षिकेच्या प्रशिक्षणासाठी पुण्याला जायचं होतं. पुणे आमच्या गावात कोणीच पाहिलं नव्हतं. तिथे गेलेली मुलगी परत येते का, आणि आली तर कशी होऊन येते, याची गावात बरीच चर्चा झाली होती.

"तिथं कोनी गोड बोललं तं आधी पाहून घेजो, काऊन गोड बोलून रायलं ते," बाबा म्हणाले. "आन् जास्त बोलजो नोको. आपली बोली आयकून लोकं हासतीन."

त्यांच्या मागे माझी मोठी बहीण पारबता उभी होती. इतक्या उकाड्यातही तिने पदर दोन्ही हातांवरून मनगटापर्यंत ओढून घेतला होता. तिच्या शेजारी तिचा नवरा, म्हणजे माझे भाटवे. पांढरं स्वच्छ धोतर, बोलणं हळू, कधी दारूच्या वासालाही उभे न राहणारे. गावात भांडण झालं की लोक त्यांना समजूत घालायला बोलवायचे. गाडी कधी येते ते विचारायला ते खिडकीकडे गेले, तेवढ्यात ताई माझ्या कानाशी आली.

"मले चिठ्ठीत काई इचारजो नोको. माह्या नावानं आलेलं तेच वाचतेत."

एवढंच. ते परत येताना दिसले तशी ती ट्रंकेचं कुलूप ओढून बघू लागली. ताईला लिहिता-वाचता येत नव्हतं. मी गेल्यावर तिच्यापर्यंत पोहोचणारा माझा प्रत्येक शब्द त्या माणसाच्या तोंडून जाणार होता, हे मला गाडी हलल्यावर नीट कळलं.

तुम्ही जे तिकडेच राहिलात, आणि तुम्ही जे माझ्यासारखे ट्रंक घेऊन निघालात, तुम्हा दोघांनाही ही गोष्ट सांगायची आहे. दोघांनीही मला तिच्याबद्दल वेगवेगळा दोष दिलेला आहे.

पुण्याच्या आधी मी गोंदियात शिकत होते, मामाच्या घरी. मामा धानगिरणीत कामाला होता. तेव्हा आमचा भाग मध्य प्रदेशात होता आणि गोंदियाच्या बाजारात सगळा कारभार हिंदीत चालायचा. मी दुकानात मराठीत काही मागितलं की शेठ म्हणायचा, "ए बाई, सीधी हिंदी में बोल." शेजारी पोवारी बोलणारं घर, पलीकडे छत्तीसगढी. शाळेत पुस्तकातली मराठी, घरी आमची झाडीबोली. एका गल्लीतून जाताना तोंडात चार भाषा यायच्या आणि त्यातली कुठली कोणापुढे काढायची नाही, ते मला लहानपणीच पाठ झालं. भाषा बोलण्यासाठी असते हे मी फार उशिरा शिकले. आधी शिकले ते ती लपवायला.

एकच जागा होती जिथे लपवाछपवी नव्हती. ती म्हणजे रोवण्याची बांधी, पाणी साचवलेलं भातखाचर. रोवणा म्हणजे आमच्याकडे भाताची लावणी. चिखलात बायका ओळीने वाकलेल्या असायच्या. एका टोकाची बाई गाण्यातून काही विचारायची आणि दुसऱ्या टोकाची तिला गाण्यातूनच उत्तर द्यायची. गाणी जुनी, पण मधल्या ओळी ज्याच्या त्याच्या. कोणाची सासू उपाशी ठेवते, कोणाचा दीर अंगचटीला येतो, मालगुजाराचा माणूस काय बोलला, सगळं त्या ओळींत यायचं. धुऱ्यावर, म्हणजे खाचराच्या बांधावर, उभे असलेले पुरुष ऐकत असूनही ऐकत नसायचे, कारण गाणं आहे, बोलणं थोडंच आहे! ताई या ओळी जुळवण्यात सगळ्यांच्या पुढे होती. तिचा आवाज तळ्याच्या पाळीपर्यंत जायचा. ती पाळ आमच्या पूर्वजांनी बांधलेली. आमच्या लोकांना तळी बांधणारे म्हणून ओळखतात आणि बाबांना त्याचा मोठा अभिमान होता.

लग्न होऊन ताई पलीकडच्या गावी गेली. त्या वर्षी मी सुट्टीत तिच्या घरी राहायला गेले होते. रोवणा चालू होता. बायकांनी तिला ओळ दिली, पण ताई गायली नाही. पुन्हा दिली, तरी नाही. मग तिच्या बाजूची म्हातारी म्हणाली, "राहू द्या वो, तिचा गळा बसला." गळा बसला नव्हता. त्याच सांजेला मी मागच्या अंगणात भांडी घासत होते आणि आत काय चाललं आहे ते मला ऐकू येत होतं. ओरडणं नव्हतं, शिवी नव्हती. भाटवे अगदी शांत आवाजात काहीतरी विचारायचे, मग थोडा वेळ जायचा, मग तो आवाज यायचा. चुलीवर भात शिजत होता. गोठ्यात बैल रवंथ करत होता. सगळं जसंच्या तसं चाललं होतं. मी घासलेलंच भांडं पुन्हा घासत राहिले.

घरी आल्यावर आईला सांगितलं. ती म्हणाली, "तुले भास झाला असन. एवढा देवमानूस." बाबांनी ऐकलं आणि बैलाला पाणी दाखवायला उठून गेले. त्यांना शंका होती, मला खात्री आहे. पण कोणी तोंडाने स्पष्ट बोललं नव्हतं, तोपर्यंत त्यांना ती शंका खिशात ठेवून वावरता येत होतं.

पुण्यात मी पहिले काही महिने जवळजवळ मुकी होते. वसतिगृहातल्या मुली वाईट नव्हत्या. त्या म्हणायच्या, "ए शेवंता, तुमच्या हिंदीत काहीतरी बोल ना!" मी म्हणायचे, ही हिंदी नाही, मराठीच आहे. त्या हसायच्या. गोंदियात मी मराठी बोलते म्हणून टोकलं जायचं आणि पुण्यात मी मराठी बोलत नाही म्हणून. "मी जेवून राहिले" असं एकदा तोंडातून गेलं, तर एकीने विचारलं, "जेवून कुठे राहिलीस?" जेवणघरात हशा पिकला. मला वाटलं, चूक माझीच. पुण्यात "जेवून राहिले" म्हणजे जेवण उरकलं आणि मग कुठेतरी मुक्काम केला. आमच्याकडे त्याचा अर्थ, जेवते आहे. या क्षणी, घास तोंडात आहे. मी ते रूप बोलण्यातून उपटून काढलं. बोलण्याआधी प्रत्येक वाक्य मनात तपासायचं आणि मग सोडायचं. त्यामुळे मी कमी बोलायचे, आणि कमी बोलते म्हणून लोक मला गंभीर समजायचे.

गोड बोलणाऱ्यांवर तर माझा बिलकूल भरवसा नव्हता. बाबांनी सांगितलेलं मी जरा जास्तच मनावर घेतलं होतं. माझ्या खोलीत कुसुम म्हणून सोलापूरची मुलगी होती. ती मला आपल्या डब्यातली शेंगदाण्याची चटणी द्यायची, तर मी आधी विचार करायचे, हिला माझ्याकडून काय हवं असेल? तिला काही नको होतं. ती कविता करायची आणि ऐकायला कोणीतरी हवं होतं, एवढंच. तिच्या कविता ऐकून मीही कागद पुढे ओढला. पुस्तकी मराठीत लिहायला गेले तर चार ओळींत चंद्र आला, प्राजक्त आला. मी चंद्राबद्दल कधी काही म्हटलं नव्हतं. मग एका दुपारी, खोलीत कोणी नसताना, मी आमच्या बोलीत लिहिलं:

भात चुलीवर शिजून रायला,
बैल रवंथ करून रायला,
दिवा कोनाड्यात जळून रायला,
तो मले मारून रायला.
मी काई बोलून नाई रायली.
मी आयकून रायली.

'मी' असं लिहिलं, पण ती ताई होती. आणि शेवटची ओळ माझी होती.

कुसुम मला सुमतीबाईंकडे घेऊन गेली. सुमतीबाई नावाजलेल्या कवयित्री, बायकांसाठी एक मासिक चालवायच्या. दर महिन्याला त्यांच्या दिवाणखान्यात कविता करणाऱ्या बायका जमायच्या. स्त्रीच्या दुःखाला वाचा फुटली पाहिजे, असं त्या नेहमी म्हणायच्या आणि मनापासून म्हणायच्या. त्या दिवशी पाच-सहा जणींनी कविता वाचल्या. त्यांत पिंजरा होता, पक्षी होता, उंबरठा होता. कविता चांगल्या होत्या, पण कोणाच्याच कवितेत पिंजऱ्याला कडी लावणारा हात दिसत नव्हता. माझी पाळी आली. मी वाचली. सुमतीबाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. त्यांनी उठून मला जवळ घेतलं आणि म्हणाल्या, "किती अस्सल! मी ही छापणार."

मला त्या पाण्याचा संशय आला. माझी कविता ऐकून पुण्यातल्या बाईला रडू का यावं? बाकीच्या बायका "काय गोड बोली आहे" म्हणत होत्या. मारण्याची कविता आणि गोड! तरी छापणार म्हटल्यावर मी हरखले. एकवीस वर्षांचीही नव्हते. फक्त गावाचं नाव घालू नका, एवढंच सांगितलं.

अंक आला. कुसुमने तो नाचत आणला आणि माझा चेहरा बघून थांबली. कवितेला नाव दिलं होतं 'संसार'. आणि तिचं असं झालं होतं:

भात चुलीवर शिजून गेला,
बैल गोठ्यात निवांत झाला,
दीप कोनाडी तेवत राहिला,
मारूनही तो घरीच राहिला.

शेवटच्या दोन ओळी नव्हत्याच. खाली सुमतीबाईंनी टीप लिहिली होती. ग्रामीण स्त्रीचं मन किती मोठं असतं, पती रागाच्या भरात हात उगारतो पण घर सोडून जात नाही, यातच तिला संसाराची कृतार्थता वाटते, अशा अर्थाची. नाव मात्र माझंच होतं, शेवंता, आणि पुढे भंडारा जिल्हा. तेव्हा आम्ही त्याच जिल्ह्यात मोडायचो.

दुसऱ्या दिवशी मी एकटीच त्यांच्या घरी गेले. त्या मुद्रितं तपासत बसल्या होत्या.

"बाई, ही माझी कविता नाही."

"अगं, मी फक्त शुद्ध केली," त्या हसून म्हणाल्या. "रायला, आयकून, असं कसं छापायचं? आपल्या वाचकांना कळलं पाहिजे ना."

"मारून रायला म्हणजे मारून मग घरी राहिला, असं नाही ते. आमच्याकडे त्याचा अर्थ, मारतो आहे. आत्ता. भात शिजतो आहे तेव्हाच."

त्यांचा हात कागदावरच थांबला. मला वाटलं, आता त्या म्हणतील, अरेरे, चूक झाली, पुढच्या अंकात दुरुस्ती देऊ. पण त्या आतल्या खोलीकडे एकदा बघून, आवाज खाली आणून म्हणाल्या, "तसं असेल तर मग ती छापताच आली नसती."

"का?"

"शेवंता, हे मासिक घराघरात जातं. पुरुष आणून देतात ते बायकांना."

तेवढ्यात आतून त्यांच्या यजमानांचा आवाज आला, चहाचं काय झालं म्हणून. सुमतीबाई वाक्य अर्धवट टाकून उठल्या. साधासुधा आवाज होता तो. तरी त्या उठल्या ती घाई मी ओळखत होते. की मला तसं वाटलं? सगळीकडे तेच दिसायची मला तेव्हा सवय लागली होती. त्यांना आमचं व्याकरण कळलं नव्हतं, की पहिल्या दिवशीच, डोळ्यांत पाणी आलं तेव्हाच, पुरतं कळलं होतं, हे मला आजपर्यंत ठरवता आलेलं नाही. मी चहाला थांबले नाही.

मला वाटलं होतं, प्रकरण पुण्यातच संपलं. पण गोंदियाच्या वाचनालयात तो अंक मामाला दिसला. भाचीचं नाव छापून आलेलं बघून त्याने अंक मागून घेतला आणि थेट आमच्याकडच्या मास्तरांना नेऊन दिला. मास्तरांनी तो चावडीवर वाचला. मास्तर शिकलेले, पुस्तकी मराठीचे भक्त. त्यांनी टीपही वाचली आणि अर्थही समजावून सांगितला. नवरा तापट असला तरी घर धरून राहतो, असं मुलीने फार छान मांडलं आहे, असा.

अठ्ठावन्नच्या दिवाळीच्या सुट्टीत मी घरी आले तेव्हा धानकापणी चालू होती. मला वाटलं होतं, ताई माहेरी आली असेल. ती आली नव्हती. आई म्हणाली, "तुह्यावर रुसली हाये ते." का, ते आईला नीट सांगता येईना. मग मीच बाबांना घेऊन ताईच्या गावी गेले.

भाटव्यांनी इतकं स्वागत केलं की मला भीती वाटली. अंगणात खाटा टाकल्या होत्या. आमच्याकडचे मास्तर आले होते, दोन-चार वडीलधारी माणसं होती. भाटवे हसत सगळ्यांना म्हणाले, "हे आमची साळी. पुन्याच्या पुस्तकात आपल्या घरचं छापून आनलं हिनं."

तेव्हा मला उलगडा झाला. गावात कुजबुज होतीच. भिंती मातीच्या, आवाज जायचाच. आता त्या कुजबुजीला छापील उत्तर मिळालं होतं. हो, रागावतो कधी, पण घर सोडत नाही, आणि बायकोच्या सख्ख्या बहिणीनेच तसं लिहिलं आहे. त्यांनी तो अंक मास्तरांकडून मागून आणून कापडात गुंडाळून देवळीत ठेवला होता. ताईला त्यांनी तो अनेकदा वाचून दाखवला होता, हे तिने मला नंतर सांगितलं. कधी वाचून दाखवला, तेही सांगितलं.

मी स्वयंपाकघरात गेले. ताई चुलीपुढे होती. तिने मान वर केली नाही.

"ताई, मी तसं लिहिलं नव्हतं."

"मले काय समजते वाचता?" ती म्हणाली. "तुमी दोघंबी शिकलेले. तुमीच वाचा."

बाहेरून भाटव्यांची हाक आली. "शेवंता, म्हनून दाखव ना ते कविता. मास्तर वाट पाहून रायले."

मी अंगणात गेले. मास्तरांनी अंक पुढे केला. मी तो घेतला नाही. म्हटलं, मला पाठ आहे. बाबा कोपऱ्यात बसून तंबाखू मळत होते. मी उभी राहिले आणि माझी म्हणून दाखवली. भात चुलीवर शिजून रायला. बैल रवंथ करून रायला. लोक माना डोलवत होते, आपली बोली ऐकून खूष झाले होते. दिवा कोनाड्यात जळून रायला.

तो मले मारून रायला.

इथे टिपेची गरज नव्हती. त्या अंगणात एकही माणूस असा नव्हता की ज्याला त्या चार शब्दांचा दुसरा काही अर्थ लावता आला असता. मास्तरांनासुद्धा नाही. त्यांची पुस्तकी मराठी शाळेत मिळवलेली, आई त्यांच्याशी झाडीतच बोलली असणार. माना थांबल्या. मी शेवटच्या दोन्ही ओळी म्हटल्या आणि खाली बसले.

भाटवे हसले. "पोरगी गंमत करून रायली," ते म्हणाले. कोणी हसलं नाही. त्यांनी स्वयंपाकघराच्या दाराकडे पाहिलं. तिथे ताई उभी होती. हातांवरून सरकलेला पदर तिने सारखा केला नाही.

बाबांनी हातातली तंबाखू झटकून टाकली. उठले. आयुष्यभर मी त्यांना कोणाच्या अंगणात आवाज चढवताना पाहिलं नव्हतं आणि त्या दिवशीही त्यांनी चढवला नाही.

"पारबता," ते म्हणाले, "चाल घरी."

"जेवून तं जा," भाटवे म्हणाले. त्या घरात त्यांच्याशी झालेलं आमचं ते शेवटचं बोलणं.

हे सारं इतकं सरळ वाचल्यावर वाटेल, झालं, कवितेने एक बाई सुटली. तसं झालं नाही. बैलगाडीत ताई माझ्याकडे पाठ करून बसली होती. गाव मागे पडल्यावर ती म्हणाली, "मले इचारलं काऊन नाई?"

"काय?"

"माह्या आंगावरचं तू साऱ्याईसमोर सांगितलं. आधी पुन्याच्या बायकाईले, मंग इथं. मले एकदा इचारलं असतं."

मी म्हटलं, तुझ्यापर्यंत पोहोचायला वाट कुठे होती? फलाटावर तूच म्हणाली होतीस. ती म्हणाली, "हव. ते खरं हाये. तरी." त्या 'तरी'वरून आमचं पुढे कित्येक वर्षं वाजत राहिलं. मला आजही वाटतं की त्या अंगणात मी गप्प बसले असते तर ती तिथेच मेली असती. तिला आजही वाटतं की ते शब्द तिचे होते. दोन्ही खरं असू शकतं हे मान्य करायला आम्हा दोघींनाही फार वेळ लागला.

गावाने मला माफ केलं नाही. शिकलेल्या पोरीने बहिणीचं घर मोडलं, असं बायकासुद्धा म्हणायच्या, ज्या बांधीत गाण्यातून याहून कितीतरी बोलल्या होत्या त्याच. गाण्यात चालतं. नाव घेऊन, दिवसाउजेडी, अंगणात चालत नाही. भाटव्यांनी दुसरं लग्न केलं आणि लोक त्यांना भांडणं मिटवायला बोलावतच राहिले. ताई काही महिने माहेरी राहिली. मग आईच्या उसाशांना कंटाळून गोंदियाला गेली. तिथे बिड्या वळणाऱ्या बायकांमध्ये बसू लागली आणि मामाच्या घराजवळ खोली घेऊन राहिली. बाबा दर पंधरवड्याला तिला तांदूळ पोहोचवायला जायचे. तिथे फार बोलायचे नाहीत. दाराशी बसून तिच्या शेजाऱ्यांना एकेक करून निरखायचे.

मी पुण्यातच शिक्षिका झाले. सुमतीबाईंच्या बैठकीला पुन्हा गेले नाही. त्यांनी एकदा निरोप पाठवला, नवीन काही लिहिलं असेल तर द्या, या वेळी एक अक्षर बदलणार नाही. मी दिलं नाही. त्यांना शब्द पाळायचा होता की मला गप्प करायचं होतं, याचा विचार करण्यात बराच काळ घालवला. कदाचित त्या खरंच पश्चात्तापाने बोलत असतील. असं कोणाबद्दल मानायला मी तयार नव्हते. ते माझं नुकसान.

साठ सालच्या उन्हाळ्यात ताई पहिल्यांदा पुण्याला माझ्याकडे आली. तेव्हाच मराठी लोकांचं राज्य झालं. रस्त्यावर गुढ्यातोरणं होती, पेढे वाटत होते. चौकात कर्ण्यावरून कोणीतरी मोठे गृहस्थ मायमराठीबद्दल बोलत होते. ताई माझ्याशेजारी उभी राहून लक्ष देऊन ऐकत होती. मग मला म्हणाली, "हे काय म्हनून रायले?" मला ते भाषण तिला समजावून सांगावं लागलं. मी स्वतःही गर्दीत टाळ्या वाजवल्या. डोळ्यांत पाणीही आलं. आता दुकानात कोणी 'सीधी हिंदी में बोल' म्हणणार नाही, असं वाटलं. पण टाळ्या वाजवताना मला संशयही येत होता की या राज्यात माझ्या बहिणीने तक्रार नोंदवली, तर तिचं 'मारून रायला' कोणीतरी शुद्ध करून लिहील.

मंडईत ताई आपल्या पूर्ण आवाजात बोलायची. लोक वळून बघायचे. मी आधी लाजले आणि मग मला लाजेची लाज वाटली. परत जायच्या दिवशी मी तिला म्हटलं, इथेच राहा. ती म्हणाली, "नाई वो. इथं सारे हळू बोलतेत. काय लपवून रायले कोन जाने."

घर कुठे, असं मला अजून लोक विचारतात. गावचं घर भावाच्या मुलांकडे आहे आणि तिथे मला पाहुणीसारखं ताट वाढतात. पुण्यातल्या घरात मी आयुष्य काढलं, पण तिथे अजूनही पाहुण्यांपुढे बोलताना माझं वाक्य आधी मनात तपासलं जातं. ताई अजून गोंदियात आहे. डोळे गेले आहेत, कान शाबूत आहेत. मी हे सगळं लिहिलं आणि छापायला देण्याआधी तिच्याकडे घेऊन गेले. खाटेवर बसून तिला पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचून दाखवलं. एका जागी ती म्हणाली, "हे काढ." मी काढलं. आणखी एका जागी म्हणाली, "हे बी." त्यावरून आम्ही चहा गार होईपर्यंत भांडलो, आणि मग तेही काढलं. तिथे काय होतं, ते तुम्हाला कधी कळणार नाही.

दुसऱ्या दिवशी तिने मला सगळं पुन्हा वाचायला लावलं. मी खरोखर काढलं आहे की नुसतं म्हणते आहे, ते तिला पाहायचं होतं. एवढा अविश्वास मला बाकी कोणी तोंडावर दाखवत नाही, आणि एवढं निर्धास्त मला दुसऱ्या कुठल्या घरात वाटत नाही.